नीट जनावरं

"माय, शेळ्या विकायच्या नाहीत!" सिदूने भाकरीचा तुकडा मोडता मोडता जाहीर केलं. "छावणीचे नियम इंग्रजीत आलेत. आणि अख्ख्या वाकडगव्हाणात इंग्रजी कुणाकडे आहे? माझ्याकडे!"

बायडाबाईने चुलीतलं लाकूड मागे ओढलं. "मंग शेळ्यांनी काय इंग्रजी खायची?"

प्रश्न रास्त होता. बहात्तर सालचा पाऊस वाकडगव्हाणाला न शिवता निघून गेला होता. बांधावरचं गवत मुळासकट संपलं होतं. बायडाबाईच्या अकरा शेळ्यांसाठी केजचा खाटीक दोनदा येऊन गेला होता. पहिल्या खेपेला त्याने शेळ्या बघितल्या. दुसऱ्या खेपेला त्याने त्या मोजल्या.

"पुढल्या बाजारापत्तुर थांबते," ती म्हणाली. "छावनीत घेतल्या तर बरंच हाय. न्हाई घेतल्या तर त्यो येतोच. पर तू कागद नीट वाच रं बाबा. तुजं समदं घाईचं. ल्हानपनापसून सांगत आले, जरा नीट हो."

सिदूने मान हलवली. हे वाक्य तो रोज ऐकत असे, त्यामुळे त्याच्या अर्थाकडे त्याने कधी लक्ष दिलं नव्हतं.

सिदूची बी.एस्सी. मुळात शेळ्यांचीच होती. पहिल्या वर्षाला चार गेल्या, दुसऱ्याला चार, तिसऱ्याला तीन. बारावी शेळी गेली ती प्रॅक्टिकलपायी. ब्युरेटमधलं एक रीडिंग उत्तराशी जुळत नव्हतं, म्हणून सिदूने ते सुधारलं. परीक्षकाने ते पकडलं, आणि पुन्हा परीक्षेला बसण्यासाठी एक काळी शेळी बाजारात निघाली. एकूण एक डझन शेळ्या खर्ची घालून तो रसायनशास्त्राचा पदवीधर झाला आणि गावच्या सहकारी सोसायटीचा सेक्रेटरी म्हणून चिकटला. पाऊस नसल्यामुळे सोसायटीचं खत कुणी उचलत नव्हतं. रसायनांशी त्याचा संबंध आता त्या गोण्यांवर बसण्यापुरताच उरला होता.

उरलेल्या अकरा शेळ्या वाचवणं त्याला निव्वळ मायेचं काम वाटत नव्हतं. समीकरणाच्या दोन्ही बाजू कुठेतरी सारख्या व्हायला हव्यात, असं त्याचं मत होतं.

सोसायटीला जनावरांची छावणी चालवायला मिळणार होती. कडबा आणि उसाच्या शेंड्यांचं वाढं सरकार देणार, दावणी सोसायटीने घालायच्या. फक्त तपासणी व्हायची बाकी होती. सोबत नियमांची आठ पानं आली होती. गोऱ्या साहेबाच्या राज्यातल्या कुठल्याशा पुस्तकाची ती इंग्रजी नक्कल होती. सहा कलमं सिदूने सरळ ओलांडली. सातव्यापाशी मात्र त्याचं बोट थांबलं.

'कॅम्प्स शॅल ॲडमिट नीट ओन्ली.'

छावणीत फक्त नीट घ्यावं. नीट काय घ्यावं? विशेषण होतं, पण नाम नव्हतं!

दुसरा कुणी असता तर त्याने अंदाज बांधला असता. सिदूने खिशातली डिक्शनरी काढली. खिशात मावावी म्हणून तिच्यातले बरेच शब्द कमी केलेले होते, पण 'नीट' होता. अर्थ: स्वच्छ, टापटीप. मराठीतही नीट म्हणजे जवळपास तेच. एकमेकींना न विचारता दोन भाषांनी एकच साक्ष दिली होती. प्रयोगशाळेत यापेक्षा कमी पुराव्यावर निष्कर्ष काढतात!

म्हणजे टाइप करणाऱ्याने पुढचा शब्द गाळला होता. तो 'गुरं' असू शकत होता, किंवा 'जनावरं'. पूर्ण विचार करून सिदूने 'जनावरं' निवडला. घरी अकरा शेळ्या होत्या याचा या निवडीशी काहीही संबंध नव्हता.

दुसऱ्या दिवशी गोदामात, खताच्या गोण्यांवर, सभा भरली.

"काय म्हंतोय कागूद?" चेअरमन सर्जेरावांनी तंबाखू मळत विचारलं.

"छावणीत फक्त नीटनेटकी जनावरं घ्यायची. स्वच्छ."

"आन् घान असंल तर?"

"नामंजूर."

धुळाजी उठून उभा राहिला. त्याचा तांब्या नावाचा बैल गावात सर्वांत कष्टाळू होता आणि तसा दिसतही होता.

"जनावर म्हंजी काय नवरदेव हाय का बे? बैल शेनात बसनारच! मंग काय पाटावर बसवायचा?"

"मी लिहिलेलं नाही, धुळाजीकाका. सरकारने लिहिलंय."

"सरकारानं बैल बघितलाय का कवा?"

"नीट म्हंजी किती नीट?" सर्जेरावांनी मुद्द्याला हात घातला. "न्हाई तर यायचा साहेब, आन् म्हनायचा, ह्ये नीट न्हाई."

हा प्रश्न सिदूच्या आवडीचा होता. मोजता येत नाही ते शास्त्र नव्हे. त्याने रात्रीच एक तक्ता आखून ठेवला होता. अंगाला चार गुण, शिंगांना दोन, खुरांना दोन, शेपटीच्या गोंड्याला दोन. सहाच्या वर पास.

संध्याकाळपर्यंत दोनशे चौदा जनावरांची पहिली परीक्षा झाली. एकशे नव्वद नापास. तांब्याला चार गुण पडले.

"चार?" धुळाजीचा आवाज फुटला. "आरं, पयल्या पेरनीला तुज्या बापाचं रान ह्याच बैलानं काढून दिलं. आन् ह्यो नापास?"

"काका, फेरपरीक्षा आहे. धुऊन आणा."

"कशानं धुऊ? थुंकून?"

गावाला दोन दिवसांआड एक टँकर येत असे. सिदूने हिशेब मांडला. अंघोळ घालायची नाही, ओल्या कापडाने पुसायचं. जनावरामागे दोन लिटर. दोनशे चौदा गुणिले दोन, चारशे अठ्ठावीस लिटर. टँकरमधून तेवढं बाजूला काढता येईल. हिशेब बिनचूक होता. फक्त तो जनावरांना कुणी समजावून सांगितला नव्हता.

पहिल्याच म्हशीने बादली समोर येताच त्यातलं सगळं पाणी पिऊन टाकलं. पुसायचं कापड बादलीत होतं, तेही अर्धं गेलं. दुसरी बादली आणली. म्हशीच्या अंगावरचं शेण सहा महिन्यांचं होतं. ओल्या कापडाने ते निघालं नाही, नुसतं पसरलं. आधी तिच्या एका कुशीला चार गुण मिळाले असते, आता दोन्ही कुशींना मिळून एकही मिळेना! माणशी... म्हणजे जनावरी दोन लिटरचे सहा झाले, सहाचे दहा झाले. दुपारपर्यंत टँकर आटला.

मालनबाई रिकामी घागर घेऊन सोसायटीच्या दारात उभी राहिली. तिच्यामागे आणखी वीस घागरी होत्या.

"सेक्रेटरी, मी आंगुळ कवा केली, इच्यार."

"कधी?" सिदूने खरंच विचारलं. माहिती मिळत असेल तर तो सोडत नसे.

"इच्यारू नको!" मालनबाई कडाडली. "आन् आमच्या पेन्याच्या पान्यानं म्हशी न्हातायत! म्हशीला कुठं लग्नाला जायचंय?"

"मालनताई, दोन दिवसांचाच प्रश्न आहे. छावणी मंजूर झाली की..."

"छावनीत आमाला बी बांध मंग! आमी बी नीट न्हाई!"

यावर आठही पानांत कुठेही तरतूद नव्हती.

बायडाबाईने मात्र धुण्यासाठी बाजूला काढलेलं पाणी घेतलं नाही. तिने आपल्या वाटणीच्या दोन घागरी अकरा शेळ्यांवर पुरवल्या. अंगावरून खोबरेलाचा हात फिरवला, खुरं खडूच्या तुकड्याने घासली. स्वतःच्या शेळ्या स्वतःच तपासणं बरोबर दिसलं नसतं, म्हणून सिदूने ते काम सर्जेरावांकडे दिलं. सर्जेरावांनी एका शेळीला वाकून हुंगलं आणि बराच वेळ ते तसेच राहिले.

"दहातले दहा दे," ते म्हणाले.

"गोंडा आखूड आहे. साडेनऊ."

तपासणीच्या दिवशी सकाळी तालुका कचेरीतले साहेब जीपमधून उतरले आणि जागीच थांबले. समोर दोनशे चौदा जनावरं ओळीत उभी होती. बैलांची शिंगं तेलाने चमकत होती. गाईंच्या कपाळाला कुंकू होतं. शेवटी अकरा शेळ्या शाळेच्या कवायतीसारख्या उभ्या होत्या. त्यांच्यामागे गावकरी होते. त्यांच्या अंगावर मात्र पंधरा दिवसांची धूळ होती.

"आज पोळा आहे का?" साहेबांनी विचारलं.

"न्हाई साहेब, पोळ्याला पाच म्हैने हायत," सर्जेराव पुढे झाले.

"मग हे?"

एरवी सर्जेराव साहेबांपुढे मोजकं बोलत. त्या दिवशी त्यांना अभिमान आवरला नाही. "आमच्यात असंच असतंय साहेब! रोजच धुतो!"

"रोज?"

"सकाळ-संध्याकाळ!"

साहेबांनी वही काढली. "म्हणजे पाण्याची अडचण नाही."

"आजाबात न्हाई!" सर्जेरावांनी छाती पुढे काढली.

साहेबांची पेन्सिल कागदावर सावकाश चालत होती, आणि उलट्या बाजूने वाचता येईल इतक्या ठळक अक्षरात त्यांनी लिहिलं: गावात पाणी मुबलक. टँकर बंद करण्याचा विचार व्हावा.

"साहेब, थांबा!" सिदू मध्ये पडला. "पाणी नाही! एक थेंब नाही! नियमात होतं म्हणून धुतली. कलम सात!"

त्याने आठ पानं पुढे केली. साहेबांनी चष्मा पुसला आणि वाचलं. मग पुन्हा वाचलं.

"हे कलम मला माहीत आहे," ते म्हणाले. "बारा वर्षं वाचतोय."

"मग नीट म्हणजे काय?"

साहेबांनी तांब्याकडे बघितलं. "हे आजवर कुणी विचारलं नव्हतं."

एका शेळीने साहेबांच्या वहीचा कोपरा चाखून बघितला.

"असं करा," साहेबांनी वही उंच धरली. "सोमवारी कचेरीत या. या शब्दाचा अर्थ लेखी आणा, पुराव्यासह. तोवर छावणी थांबेल, टँकरवरचा माझा शेराही थांबेल. अर्थ स्वच्छ असा निघाला, तर रोज धुवायला पाणी आहे असं धरावं लागेल. दुसरा निघाला, तर बघू."

जीप गेली. सगळं गाव सिदूकडे बघत होतं. छावणी, टँकर आणि अकरा शेळ्या, सगळं आता एका शब्दावर येऊन उभं होतं.

"हुडक बे दुसरा," सर्जेराव म्हणाले. "लई जुना असला तरी चालंल."

शनिवारी सिदू एसटीने केजला गेला. तिथे मोहनराव गुरुजी राहत. चाळीस वर्षं इंग्रजी शिकवून ते निवृत्त झाले होते, आणि उशीएवढी जाड डिक्शनरी पूर्ण तालुक्यात त्यांच्याकडेच होती. ती लोणच्याच्या बरणीवर वजन म्हणून ठेवलेली होती.

"लवकर बगा बरं," गुरुजींच्या पत्नी सुंदरबाईंनी ती नाइलाजाने उचलून दिली. "वारं लागलं तर लोनचं बुरसतंय."

गुरुजींनी पानं उलटली. 'नीट' सापडला. स्वच्छ, टापटीप. सिदूचं तोंड उतरलं.

"थांबा," गुरुजींनी बोट खाली सरकवलं. "हा दुसरा नीट. अक्षरं तीच, पण शब्द वेगळा. हे नाम आहे."

"नाम!" सिदू उठून उभाच राहिला. टाइप करणाऱ्याने काहीच गाळलं नव्हतं! त्याने डिक्शनरीत डोकं घातलं. शब्दापुढे तिरक्या अक्षरात 'ऑब्स.' असं होतं. "सर, हे तर उत्तमच. ऑब्झर्व्ह्ड. म्हणजे कुणीतरी प्रत्यक्ष निरीक्षण करून ठरवलेला अर्थ!"

"ऑब्सोलीट," गुरुजी शांतपणे म्हणाले. "म्हणजे वापरातून गेलेला. विलायतेत आता हा शब्द कुणी बोलत नाही."

"मग आपल्याकडे कसा?"

"कागदाबरोबर आला. गोरे साहेब परत गेले, कागद राहिला."

गुरुजींनी अर्थ मोठ्याने वाचला. नीट म्हणजे बैल किंवा गाय. एक असो की शंभर, शब्द तोच. नीटहर्ड म्हणजे गुराखी. नीटच्या खुरांचं तेल काढून चामड्याला लावत. "म्हणजे तुमच्या छावणीत नीट नीटच राहतील," गुरुजींना बऱ्याच वर्षांनी शिकवायला मिळालं होतं, "आणि सेक्रेटरी, तुम्ही झालात नीटहर्ड!"

सिदू आनंदाने उतरवून घेऊ लागला. गाय, बैल, गोवंशातलं जनावर! धुण्याचा प्रश्नच नव्हता! टँकर वाचला, छावणी वाचली! शेवटच्या ओळीशी त्याची लेखणी थांबली.

'शेळ्या व मेंढ्या सोडून.'

गुरुजी चहा सांगायला आत गेले होते. सुंदरबाई बरणीपाशी होत्या. ती ओळ लिहिली नाही, तर कुणाला कळणार नव्हतं. डिक्शनरी पाच मिनिटांत लोणच्यावर जाणार होती, आणि तिथून ती पुढच्या उन्हाळ्यापर्यंत उठणार नव्हती.

सिदूला ब्युरेट आठवली. सुधारलेल्या रीडिंगला एक शेळी लागते, हे तो शिकला होता. न सुधारलेल्याला अकरा लागतील, हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

त्याने ओळ उतरवली. अक्षर जरा बारीक आलं, एवढंच.

सोमवारी साहेबांनी कागद वाचला. बारीक अक्षरही वाचलं.

"म्हणजे धुवायची गरज नव्हती."

"नव्हती साहेब."

"आणि पाणी?"

"प्यायचं होतं. ते बैलांच्या अंगावर गेलं. चेअरमनसाहेब अभिमानाने बोलले."

साहेबांनी टँकरवरचा शेरा खोडला. छावणीच्या यादीवर सही केली. म्हशींचं काय, असं सिदूने विचारल्यावर "म्हैस नीट धरा" असं समासात लिहून दिलं. मग यादीच्या शेवटाला येऊन पेन्सिल थबकली.

"या साडेनऊ गुणांच्या अकरा शेळ्या कुणाच्या?"

"माझ्या."

"फार स्वच्छ होत्या," साहेब म्हणाले, आणि त्यांनी त्यावर एक सरळ रेघ मारली. दोनशे चौदाची छावणी दोनशे तीनची झाली.

सिदू गावात उतरला तेव्हा छावणीत पहिला कडबा पडला होता. त्याने सगळं सांगितलं.

"म्हंजी," धुळाजीने एकेक शब्द मोजून टाकला, "माजा तांब्या पयल्यापसूनच नीट व्हता?"

"होता."

"शेनासकट?"

"शेणासकट."

"मंग चार मार्क कावून?"

सिदूने तक्ता काढला, चार खोडून दहा केले आणि खाली सही केली. धुळाजीने तो कागद घडी घालून टोपीत ठेवला. मग तो बायडाबाईच्या शेळ्यांकडे बघू लागला. त्या छावणीच्या काट्यांच्या कुंपणाबाहेर उभ्या होत्या. खोबरेलाचा वास अजून येत होता.

"सेक्रेटरी, त्या कागदात उष्ट्याचं काय लिवलंय?"

"कशाचं?"

"तांब्या वाढ्याची पाती खातो, बुडखा टाकतो. पयल्यापसूनची खोड हाय त्याची. ते टाकलेलं कुनी खावं, असं काय लिवलंय?"

सिदूने आठही पानं उभ्या उभ्या तपासली, पुढून आणि मागून. "काही नाही!"

"मंग नापासाचं उष्टं पासांनी खावं!" धुळाजी गरजला. "येऊ द्या बे त्यांना आत. आन् फकस्त तांब्याचंच कशाला? म्हशी बी मस लाथाडत्यात."

त्यामुळे बाजारच्या दिवशी केजचा खाटीक आला तेव्हा शेळ्या घरी नव्हत्या. त्या गव्हाणीखाली बसून बुडखे चघळत होत्या. तो तिथे जाऊन बघून आला आणि तिसऱ्यांदा रिकाम्या हाताने परत गेला.

त्या संध्याकाळी सिदू जरा ताठ होऊन जेवायला बसला. बायडाबाईने भाकरी वाढली. पाण्याचा तांब्या त्याच्यापुढे अर्धाच भरलेला होता. बाकीचं शेळ्या प्यायल्या होत्या.

"सिदू, एक सांग," ती म्हणाली. "मालनबाई म्हनत व्हती. इंग्रजीत नीट म्हंजी बैल?"

"हो माय. जुन्या इंग्रजीत. आता तो शब्द मेलाय, पण अर्थ पक्का आहे. मी स्वतः पडताळून आलोय."

"पक्का?"

"शंभर टक्के!"

बायडाबाईने तव्यावरची भाकरी उलटली.

"मंग माजं काय चुकलं न्हाई. ल्हानपनापसून तुला म्हनत आले, नीट हो रं बाबा, नीट हो." तिने त्याच्याकडे खालपासून वरपर्यंत एकदा बघून घेतलं. "झालास!"

सिदूने ते वाक्य दोन्ही भाषांत तपासून बघितलं. चूक कुठेच नव्हती.